गिरणीतला पिवळा बल्ब

वरंधच्या रस्त्याला माझ्या काकांची पिठाची गिरण आहे. तिथे स्विचच्या वर एक जुना, तारेचा पिवळा बल्ब असायचा. मोटार सुरू करण्याआधी काका मान वर करून त्याच्याकडे बघायचे. लख्ख असला तर खटका ओढायचे, तांबूस असला तर बाकड्यावर बसायचे. दळणाला आलेल्या बायकाही "लाइट हाय, पन दम नाय" म्हणत शेजारी बसायच्या.

इलेक्ट्रिकलचा डिप्लोमा करून मी महाडला नोकरीला लागले आणि पहिल्या पगारात काकांना एलईडी बल्ब घेतला. त्या कळकट पिवळ्या बल्बाची मला लाज वाटायची, खरं सांगते. गणपतीला आठवडा असताना स्टुलावर चढून मीच तो बदलला. गिरण उजळून निघाली. काका म्हणाले, "बेस हाय गो," आणि मी फुगले.

गणपती दोन दिवसांवर आले. मुंबईकर उतरले, घरोघरी पंखे नि मिक्सर सुरू झाले. गिरणीत मोदकाच्या तांदळाच्या डब्यांची रांग लागली. काकांनी वर बघितलं, बल्ब लख्ख. त्यांनी खटका ओढला. मोटार फिरेचना, नुसती घुमत राहिली, आणि काका खटका पाडेपर्यंत जळका वास गिरणीभर पसरला. मोटारीचं वाइंडिंग, म्हणजे आतली तांब्याच्या तारेची गुंडाळी, जळून गेलं होतं.

मी तिथेच कपाळावर हात मारला. कॉलेजच्या जर्नलमध्ये व्होल्टेज-करंटचे तिन्ही आलेख मी काढले होते. साध्या तारेचा सरळ, जेवढं व्होल्टेज तेवढा करंट. फिलामेंटचा, तापेल तसा वाकत जाणारा. एलईडीचा आधी ढिम्म, मग एकदम उसळणारा. शिवाय या नव्या बल्बाच्या पोटात सर्किट असतं. व्होल्टेज पडलं तरी ते उजेड तसाच ठेवतं. मोटारीचं मात्र उलट, व्होल्टेज पडलं की ती जास्तच करंट ओढते आणि तापते. हे सगळं मला पाठ होतं. काकांचा बल्ब हाच त्यांचा मीटर होता, एवढं मात्र डोक्यात आलं नव्हतं.

मोटार टेम्पोत घालून आम्ही महाडला निघालो. सगळ्या गावाचे मोदक माझ्यामुळे अडले होते. वाटेत मी विचारलं, "काका, घरात पंखा मंद होता. तुम्हाला दिसलं नाही?"

"दिसलं की. पन म्हटलं, पोरगी शिकून आलीय. तिचा बल्ब सांगतोय तर आसंल दम."

मला टेम्पोतच रडू फुटलं. काका हसत सुटले. "आगो, मोटार जळली, मी नाय!"

वाइंडिंगवाल्याच्या डोक्यावर बसून मी मोटारीत नवी तार भरून घेतली. दुसऱ्या दिवशी दुपारी मोटार जागेवर बसली. काकीने तांदळाच्या कणगीतून फडक्यात गुंडाळलेला पिवळा बल्ब काढला. तिने तो टाकूच दिला नव्हता. तो पुन्हा स्विचच्या वर चढला, आणि माझा एलईडी काकांनी गणपतीच्या मखरात लावला. "देवापुढं बरा. तिथं कुनाला दम बघायचाय?"

मग ते मला म्हणाले, "चल, वड खटका."

डबे घेऊन सगळ्या बायका माझ्याकडे बघत होत्या. मी मान वर केली. बल्ब तांबूस होता. मी गुपचूप जाऊन त्यांच्या शेजारी बाकड्यावर बसले.