सासूबाईंनी कधीच न शिकवलेली छाटणी

बासष्टाव्या वर्षी मी भलतीच आगाऊ होते. इंदिरानगरच्या आमच्या गच्चीवरच्या गुलाबांचे व्हिडिओ सून मोबाईलवर काढायची, लोक खाली "आजी, तुम्ही ग्रेट" लिहायचे आणि मला ते खरं वाटायचं. एका केबल चॅनेलने 'आजी विरुद्ध पदवी' अशा गमतीच्या वादासाठी बोलावलं, तर मी जरीकाठी नेसून, लिपस्टिक लावून हजर!

समोर तज्ज्ञ म्हणून बसलेल्या बाईंना मी लगेच ओळखलं. पूर्वी मळ्यात गुलाब लावले, तेव्हा गावात दोन दिवसांचा वर्ग झाला होता. तिथे याच मॅडमनी माझं मनगट धरून शिकवलं होतं: फांदीवर बाहेरच्या बाजूचा डोळा, म्हणजे नवा फुटवा येतो ती जागा, शोधायची आणि त्याच्या जरा वर तिरका काप द्यायचा. व्हिडिओत मात्र मी ठोकून द्यायचे, "ही माझ्या सासूबाईंची विद्या!" सासूबाई बिचाऱ्या विळ्याने सपासप कापायच्या. कसला डोळा नि कसलं काय!

मॅडम बोलायला लागल्या की कार्यक्रमवाले कुकरची शिट्टी वाजवायचे. मला टाळ्या.

"आजी, छाटणी कुठल्या कॉलेजात शिकलात?" सूत्रसंचालकाने विचारलं.

खरं सांगायला एक वाक्य पुरलं असतं. मी म्हणाले, "सासूच्या हाताखाली. तिथे नापास झालं की जेवण नाही मिळत!"

हशा. शिट्टी.

नंतर मॅडम जिन्यात भेटल्या. "काकू, काप अजून तिरकाच देता ना?"

"हो," म्हणून मी पदर सावरत भराभर खाली उतरले.

घरी सुनेला सगळं सांगितलं. "आई, मग हेच कॅमेऱ्यासमोर बोला की," ती म्हणाली. ते बोलायला माझे छाटणीचे दोन हंगाम गेले. शेवटी व्हिडिओत बोलले: शिकवलं मॅडमनी, सासूबाईंचं नाव मी खोटं घेतलं.

खाली पहिलीच कमेंट: "किती हा नम्रपणा!"

आता काय करावं? मॅडमना फोन केला, माफी मागितली, गच्चीवर बोलावलं. त्या आल्या. सगळी छाटणी त्यांनी सुनेच्या कॅमेऱ्यासमोर करून दाखवली, मी नुसती कुंडी धरून उभी.

त्या व्हिडिओखाली कुणीतरी लिहिलंय, "आजी, शिष्या छान तयार केलीत."

मॅडम वाचून खो खो हसल्या. मला नाही हसता आलं.