कासवाला दोन हात व्हार्निश

कासवाला जगायला ऊन लागतं, हे आमच्या घरात कुणालाच ठाऊक नव्हतं. कुणालाच म्हणजे मलाही. आता मागाहून शहाणपणा मिरवण्यात काय अर्थ आहे?

त्र्याऐंशी-चौऱ्याऐंशी साल असेल. मी बारा वर्षांची. अंबरनाथला कंपनीच्या क्वार्टर्समध्ये तिसऱ्या मजल्यावर आम्ही तिघं राहायचो. बाबा कारखान्याच्या पेंट शॉपमध्ये होते. उल्हासनगरच्या एका सिंधी दुकानदाराचं शटर त्यांनी सुट्टीच्या दिवशी रंगवून दिलं, तर तो खूश होऊन म्हणाला, "ले जाओ साईं, घर में बरकत आएगी," आणि पिशवीत घालून कासवच दिलं. बशीएवढं, पाठीवर पिवळ्या चांदण्या. असं कासव घरात ठेवणं गुन्हा आहे हे आमच्या गावीही नव्हतं.

मोरीजवळ, गारव्याला, त्याचं खोकं ठेवलं. कासव म्हणजे गारवा, एवढंच आमचं ज्ञान. आई त्याला दुधात चपाती कुस्करून घालायची, आणि ते बिचारं खायचंही. मला ना भाऊ ना बहीण. शाळेतून आले की दप्तर भिरकावून मी आधी त्या खोक्याशी बसायचे. गणिताच्या बाईंपासून मैत्रिणीच्या कट्टीपर्यंत सगळं त्याला सांगायचे. ते मान बाहेर काढून ऐकायचं. हो, ऐकायचंच. कुणी हसलं तर हसू दे.

वर्षभरात त्याची पाठ विटली. चांदण्या मळकट झाल्या, कडेला पापुद्रे सुटायला लागले. मी बाबांच्या मागे लागले, "याला पहिल्यासारखं करून द्या ना." बाबांना तेवढंच हवं होतं. आमच्या घरात जे जे विटे, ते ते बाबा रंगवत. सायकल, ग्रिल, पाण्याचं पिंप, आजीचा पाट, काही म्हणून सुटलं नव्हतं. त्यांनी बारीक पॉलिश पेपर घेऊन पाठ घासली, ओल्या फडक्यानं पुसली आणि वर व्हार्निशचे दोन हात दिले. पहिला हात वाळेपर्यंत दुसरा लावायचा नाही, हेही मला समजावून सांगितलं. काय चकाकलं म्हणता! शेजारणी बघायला आल्या. आईनं हळदकुंकू वाहिलं. मी आठवडाभर शाळेत फुशारक्या मारल्या.

बारवीकडच्या पाड्यावरून एक ठाकर बाई रानभाजी घेऊन यायची. तिनं ते पाहिलं आणि टोपली तशीच डोक्यावर ठेवून म्हणाली, "बाय, ह्याला उनात सोड की. असा कोंडून ऱ्हायाचा नाय हा. आन् पाला घाल, पाला." मी ते संध्याकाळी बाबांना सांगितलं. बाबा उखडले. "वीस वर्षं पेंट शॉपमध्ये मी काय माशा मारल्या? पॉलिश केलेली वस्तू उन्हात ठेवतात का कधी? तडकेल ना!"

विषय संपला. मीही वाद घातला नाही, कारण मला ती चकाकी आवडत होती.

पावसाळा सरता सरता त्यानं खाणं सोडलं. मी उचललं तर पाठ अंगठ्याखाली दबली. भिजलेल्या पुठ्ठ्यासारखी. बाबा त्याच दिवशी रजा टाकून त्याला गुरांच्या डॉक्टरकडे घेऊन गेले, मीही गेले. डॉक्टरांनी पाठ दाबून बघितली आणि बाबांकडे असं पाहिलं की मलाच मेल्याहून मेल्यासारखं झालं. "अहो, ही काय वरून घातलेली टोपली आहे का? हाड आहे ते त्याचं! ऊन लागतं, पाला लागतो, तेव्हा ते घट्ट होतं. तुम्ही त्यावर व्हार्निश फासलंत?"

बाबा हळूच म्हणाले, "थिनरनं काढू का मग?"

डॉक्टरांनी हातच जोडले. त्यांना आता राग सोडून दुसरं काही देता येण्यासारखं नव्हतं.

त्यानंतर रोज दुपारी जेवणाच्या सुट्टीत बाबा सायकल मारत घरी यायचे, त्याला छातीशी धरून गच्चीवर न्यायचे आणि उन्हात शेजारी बसून राहायचे. स्वतः उपाशी. टाकळ्याचा, शेवग्याचा पाला त्याच्या तोंडापुढे धरायचे. नखानं व्हार्निशचा एकेक कपचा उडवायचे. कासव मानच बाहेर काढेना. असे अठरा-वीस दिवस गेले. मग एका दुपारी बाबा त्याला घेऊन खाली आले आणि माझ्यासमोर उभे राहिले.

मी म्हणाले, "तुम्ही मारलंत त्याला."

आई ओरडली, "जीभ आवर गं मेले!" बाबांनी तिला हातानंच थांबवलं. म्हणाले, "हो."

बस्स. तेवढंच. मग हात धुऊन कामावर गेले.

त्यानंतर बाबा सोळा वर्षं जगले. आम्ही बदलापूरला घर घेतलं, माझं लग्न झालं, शेवटी बाबा अंथरुणाला खिळले तेव्हा महिनाभर मीच त्यांना भरवत होते. घरभर गप्पा झाल्या, जुन्या आठवणी निघाल्या, कासवाची एकदाही निघाली नाही. "बाबा, हट्ट माझा होता," एवढे चार शब्द बोलायला मला सोळा वर्षं होती. ते "हो" म्हणाले, आणि मी त्यांना तसंच जाऊ दिलं.