अडतिसावं केळं

हे मी आजपर्यंत कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलासुद्धा नाही. इथे लिहितोय कारण इथे मला कोणी ओळखत नाही, आणि हे फार धाडसाचं काम नाही हेही मला माहीत आहे.

आधी सांगतो – भूतखेत, करणी, चकवा यातलं मी काही मानत नाही. धरणगावात माझं बी-बियाण्यांचं दुकान आहे. माझ्याकडे कपाशीवर बोंडअळी पडली की नजर लागली म्हणणारे लोक येतात, त्यांना मी औषधाचं पाकीट देतो. असा मी माणूस. तरीही चार वर्षांपूर्वीच्या फेब्रुवारीत जे झालं ते मला अजून कुठल्याच खणात बसवता येत नाही.

कापसाची शेवटची वेचणी उरकली की दरवर्षी मी गल्लीतल्या आणि आजूबाजूच्या गावांतल्या लोकांची एक सहल काढायचो. धंदा म्हणून नाही, हौस म्हणून. त्या वर्षी सोमनाथ केलं आणि परतीच्या वाटेवर दीव ठेवलं. दीव म्हणजे बेट – पुलावरून बस आत जाते. अर्ध्या दिवसाचा कार्यक्रम होता. सकाळी आठला कानजीभाई नावाचा स्थानिक गाईड बसमध्ये चढणार, किल्ला दाखवणार, मग बाजार, शेवटी गंगेश्वर. तिथे समुद्राला लागून खडकाच्या कपारीत पाच पिंडी आहेत, लाट येते आणि त्यांच्यावरून जाते. एक वाजेपर्यंत सगळं उरकून बेटाबाहेर पडायचं. आमचा आचारी टेम्पो घेऊन पुढे गेलेला, ऊना गावाच्या पुढे एका धर्मशाळेत वरण-बट्टी तयार ठेवणार होता.

आता एक गोष्ट नीट सांगितली पाहिजे. बसमध्ये माणसं मोजायला आमच्या म्हाताऱ्या मंडळींची सक्त मनाई. पहिल्याच वर्षी मी बोट दाखवत एक, दोन, तीन सुरू केलं तर कमलअक्का कडाडल्या होत्या – "माणसं काय ढोरं शेत का मोजाले?" मोजायची ती गुरं, माणसं नाहीत; मोजलेलं कमी होतं, अशी त्यांची समजूत. म्हणून मी युक्ती काढली. प्रत्येक थांब्यावर निघताना काहीतरी वाटायचं. मधल्या थांब्यांवर लिमलेटच्या गोळ्या, शेवटच्या थांब्यावर केळं. रावेरकडच्या एका पाहुण्याने कच्चे घड दिले होते, ते डिकीत होते आणि रोज थोडे थोडे पिकत होते. माणसं अडतीस, तर टोपलीत गुपचूप अडतीस केळी मोजून घ्यायची. टोपली रिकामी झाली की बस हलवायची. लोकांना वाटायचं संजूभाऊ दिलदार. तीन वर्षं ही पद्धत एकदाही चुकली नव्हती.

कमलअक्का आमच्या गल्लीतल्या, वय सत्तरीच्या आसपास. यजमान जाऊन वीस वर्षं झालेली, पण शेतात रोज स्वतः जायच्या. आठवड्याच्या बाजाराला एकट्या एसटीने अमळनेरला जाऊन भाव करून यायच्या. उजव्या हाताची करंगळी आणि शेजारचं बोट कडबा कुट्टीच्या यंत्रात गेलेलं, पण त्या तीन बोटांनी त्या माझ्या आईपेक्षा भराभर कापूस वेचायच्या. बोलायला तिखट. मला "संजू" म्हणणाऱ्या आता दोन-तीनच बायका उरल्यात, त्यातल्या एक.

किल्ल्यावर मजा आली. आमच्यातले एक आबा समुद्राकडे बघून म्हणाले, "आपली तापी बरी भो, निदान पलीकडचा काठ तरी दिसतो." बाजारात बायकांनी शंख-शिंपल्यांवर अशी घासाघीस केली की कानजीभाई कपाळाला हात लावून म्हणाला, "आपके गाँव में सब वकील है क्या?"

आणि बाजारातच मी ते केलं, ज्यामुळे पुढचं सगळं झालं. दीवमध्ये दारू मिळते, बाहेर पडलं की गुजरात, तिथे बंदी. पुलाजवळच्या नाक्यावर तपासणी होते. आमचा ग्रुप निम्मा माळकरी. मी स्वतः गळ्यात माळ घालत नाही, पण गावात माझं नाव त्या बाबतीत स्वच्छ आहे. मी बायकांच्या नजरा चुकवून दोन बाटल्या घेतल्या आणि डिकीत केळीच्या घडांखाली दडवल्या. त्यानंतर माझं लक्ष सहलीत नव्हतं, नाक्यावर होतं.

गंगेश्वरला पोचेपर्यंत साडेबारा झाले. भरती चढत होती. कानजीभाई ओरडत होता, "जल्दी करो काका, पानी ऊपर आ रहा है!" सगळे पायऱ्या उतरून ओलेचिंब होऊन वर आले. अक्का खाली एका कोरड्या पायरीवर बसून राहिल्या होत्या. मी घड्याळ दाखवलं.

"संजू, माले दहा मिनिट बठू दे रे. घर जाईसन काय करनं शे?"

"अक्का, पोलिस नाक्यावर गर्दी होते. चला लवकर."

"तू व्हय पुढे. मी उनूच."

आलेच म्हणाल्या, म्हणून मी वर गेलो, कानजीभाईचे पैसे देऊन त्याला निरोप दिला. पाच मिनिटांनी टोपली घेऊन बसमध्ये शिरलो. "बठ्ठा उनात का?", सगळे आले का, असं मोठ्याने विचारलं, मागून एकजण म्हणाला, "उनात! आता परसाद वाटा, संजूभाऊ, सत्यनारायण राहिला फक्त." सगळे हसले. मी केळी वाटत मागे गेलो. डावीकडची सहावी रांग – अलीकडे गल्लीतल्याच सुशीलावहिनी, खिडकीशी अक्का. पदर डोक्यावरून पार कपाळापर्यंत ओढलेला, तोंड खिडकीकडे. मी म्हटलं, "घ्या अक्का." मान वळली नाही. पदराखालून हात पुढे आला.

हात ओला होता. सुरकुतलेला. आणि त्याला पाच बोटं होती.

हे मी कुणाला सांगितलेलं नाही ते हे.

पहिल्यांदा मनाला सांगितलं, डावा हात असेल. पण अंगठा कुठल्या बाजूला असतो हे कळायला वेळ लागत नाही. उजवा हात होता. पाचही बोटं धड, नखं पांढरीफटक, आणि केळं घेताना माझ्या बोटांना जो स्पर्श झाला तो... थंड म्हणणार नाही. सकाळी विहिरीतून काढलेल्या दोरासारखा. बस, एवढंच सांगता येतं.

मग माझ्या डोक्यात काय आलं? भूत नाही आलं. आलं हे की इथली कोणीतरी बाई आत घुसली आहे, लुगड्याखाली बाटल्या बांधून, आणि आमच्या देवदर्शनाच्या बसमधून नाका पार करणार आहे. आरडाओरडा केला तर पोलिस येतील, बस झडतीला लागेल, डिकी उघडेल. आणि अक्का? अक्का मागे कुठेतरी बसल्या असतील, मी मनाला समजावलं. पुढची केळी मी कुणाच्याही तोंडाकडे न बघता वाटली. टोपली शेवटच्या रांगेत रिकामी झाली. अडतीस केळी, अडतीस हात. मी कैलासला, म्हणजे ड्रायव्हरला, "चल" म्हटलं.

नाक्यावर एक पोलिस आत चढला. पिशव्या चाचपत सहाव्या रांगेपर्यंत गेला, खिडकीकडे वाकला. "माजी, थेली?" एवढं मला ऐकू आलं. उत्तर काय मिळालं माहीत नाही. तो सरळ झाला, हात पँटला पुसला आणि तसाच उतरून गेला. डिकी उघडायलाही सांगितली नाही. खरं सांगतो, त्या क्षणी मी त्या बाईचे मनातल्या मनात आभार मानले.

धर्मशाळेत पंगत बसली तेव्हा एक पान रिकामं राहिलं. सुशीलावहिनी म्हणाल्या, "अक्का कुठे? माझ्याच शेजारी होत्या, माझा जरा डोळा लागला. बोलल्या नाहीत वाटभर, रुसल्या असतील म्हटलं. साडी इतकी ओली होती की माझाही पदर भिजला."

सगळे शोधायला पांगले. विहीर पाहिली, मागची शेतं पाहिली. कैलास मला बाजूला घेऊन म्हणाला, "भाऊ, मला वाटतं आपण परत बेटावर जाऊ. मी दारापाशीच होतो. इथे म्हातारी उतरताना मला दिसली नाही."

"तुझं लक्ष नसेल."

"नाक्यापासून इथवर गाडी कुठे थांबली? नाही थांबली. मग गेली कुठे?"

"अरे केळी संपली ना! अक्का गाडीत होत्या."

 मला ठाऊक होतं की त्या गाडीत नव्हत्या. ठाऊक असूनही मी सदतीस माणसांना दोन तास चुकीच्या जागी शोधायला लावलं, कारण परत जायचं म्हणजे हात पाहिल्याचं सांगायचं, आणि मग तिथेच का नाही ओरडलास याचंही उत्तर द्यायचं. चार वाजता कानजीभाईचा फोन आला. "आपकी एक माजी इधर बैठी है. फूलवाली ने पकड़ के रखा है, पानी में चली जाती." अक्कांकडे फोन नव्हता. भिजेल म्हणून मुलाने घरीच ठेवायला लावला होता.

आम्ही परत गेलो तेव्हा त्या फुलवालीच्या टपरीत चादर गुंडाळून बसल्या होत्या. गुडघा फुटलेला. बस निघताना धावत पायऱ्या चढल्या, घसरल्या, लाटेने कमरेपर्यंत ओढलं. रडत नव्हत्या. मला बघून उठल्या.

"मी गाडीमा बठनीच नही रे संजू! मी हाका मारी राह्यनू तुले. आन मन्ही जागावर कोन बठेल व्हती? मी देखं. खिडकीमाईन तिनी मनाकडे देखं."

सगळी बस ऐकत होती. सुशीलावहिनी कुजबुजल्या, "पण अक्का, तुम्ही तर माझ्याजवळ..."

मी म्हणालो, "अक्का, तुमच्या जागेवर तुम्हीच होत्या. मी स्वतः तुमच्या हातात केळं दिलं. धर्मशाळेवरून तुम्हीच कुठल्यातरी गाडीने परत आलात. आठवत नसेल तुम्हाला." त्या किती वाजल्यापासून इथे आहेत, हे फुलवालीला विचारायला मी कुणाला वेळच दिला नाही.

अक्कांनी चादर घडी करून फुलवालीला परत दिली आणि गाडीत चढल्या.  

त्या सीटवर ओल होती ती वाळल्यावर पांढरं मीठ फुललं. कैलासने पुसलं. शिरपूर येईपर्यंत दोनदा परत फुललं. आता गादीत खारं पाणी मुरलं की मीठ फुलणारच, हे मला कळतं. सगळ्यांचेच कपडे भिजले होते. पण बाकी एकाही सीटवर ते आलं नाही.

मी सगळ्या बाजूंनी विचार केलाय. कोणी बाई खरंच आत घुसली आणि नाक्यावर उतरली म्हणावं, तर दारात मी होतो. कोणी गंमत केली म्हणावं, तर मी एकेकाला आडून आडून विचारलं, महिनोन्महिने प्रत्येकावर संशय घेतला, सुशीलावहिनींवरसुद्धा. माझाच भास म्हणावा, तर तो पोलिस कोणाशी बोलला? आणि अक्कांनी पायऱ्यांवरून कोणाला पाहिलं?  ती कोण होती, मला माहीत नाही. माहीत होईलसं वाटतही नाही.

पण खरं सांगायचं तर मला ती छळत नाही. छळतं ते वेगळंच.

माझ्या त्या एका वाक्यावर अक्कांच्या मुलांनी विश्वास ठेवला. का नाही ठेवणार? संजूभाऊ स्वतः केळं दिलं म्हणतो, शेजारीण साक्ष देते, आणि आई म्हणते मी गाडीत नव्हतेच. मुलांनी जळगावला नेऊन डॉक्टरांना दाखवलं. गोळ्या सुरू झाल्या. मग एसटीने जाणं बंद. मग शेत बंद. मग कपाटाच्या किल्ल्या सुनेच्या कंबरेला गेल्या. मुलं वाईट नाहीत, काळजीपोटीच केलं त्यांनी. गल्लीत पोरंटोरं नाही, मोठी माणसंच हळूच म्हणतात – अक्कांचं आता काही खरं नाही.

गेल्या वर्षी त्यांच्या नातीच्या साखरपुड्यात मी गेलो होतो. अक्का कोपऱ्यात खुर्चीवर बसवलेल्या. मला हाक मारली. मोठा मुलगा शेजारीच उभा होता. त्याच्याकडे हात करून हलक्या आवाजात म्हणाल्या, "सांग ना रे याले. मी येडी नही शे. तुले ठाऊक शे."

मुलगा कसनुसा हसला. "परत तेच, आई." माझ्याकडे बघून म्हणाला, "मनावर घेऊ नका, भाऊ."

मी म्हणालो, "नाही रे. चालायचंच." आणि जेवायला गेलो.

बायकोने विचारलं, ताटात का टाकलं एवढं. पोट बरं नाही म्हणालो.

आज अक्का पंचाहत्तरीच्या आहेत. माझ्या दुकानापासून त्यांचं घर चालत चार मिनिटांवर आहे. इथे हजार लोकांना सांगणं सोपं गेलं. पण मला सांगायचं आहे ते फक्त त्या घरात, दोन्ही मुलांसमोर, अक्का ऐकत असताना – तुमची आई गाडीत नव्हती, मला तेव्हाच माहीत होतं, ती पहिल्या दिवसापासून खरं बोलतेय आणि खोटं मी बोललो. एवढं माझं त्यांना देणं आहे. ते अजून दिलेलं नाही.