बन्नूरच्या बसमधला निष्क्रिय वायू

आमच्या शेजारचे सर कॉलेजात रसायनशास्त्र शिकवून निवृत्त झाले, पण बंध तपासायची खोड काही गेली नाही. देवराज मोहल्ल्यात लग्नाला गेले की पंगतीतच निकाल देतात, "हा आयनिक बंध. मुलीकडच्यांनी दिलं, मुलाकडच्यांनी घेतलं. पाण्यात पडला की सुटला, अल्वा? खरं ना?" मुलाकडचे समोरच जेवत असतात. मी आपली भाताकडे बघते.

परवा त्यांची बायको भांडून बन्नूरला माहेरी गेली. सर फाटकात उभं राहून मला म्हणाले, "आपण निष्क्रिय वायू, ताई. कुणाशी बंधच नको. सुम्ने, आपलं निवांत, आरामात आहे." दुपारी ते फिल्टरमध्ये कॉफीची पूड किती घालायची ते विचारायला आले, आणि संध्याकाळी दूध का नासलं ते.

काल सकाळी ते मला बसस्टँडवर दिसले. काखेत बायकोची उशी होती.

"हिच्याशिवाय तिला झोप येत नाही," ते म्हणाले.

"आणि निष्क्रिय वायू, सर?"

बन्नूरची बस लागली. उशी सांभाळत पायरी चढताना ते वळून म्हणाले, "त्यातला झेनॉन बंध करतो, ताई. फक्त समोर फ्लोरिनसारखं तिखट कुणीतरी लागतं."