आबांचे वार

मी घरी फ्रेंचच्या शिकवण्या घेते. गेल्या वर्षी मुलांसाठी फ्रेंच क्रांतीच्या काळातल्या कॅलेंडरचा तक्ता करत होते. शेजारी आबा, म्हणजे माझे सासरे, मेथी निवडत होते. जन्मभर मखमलाबादला भाजीपाला पिकवलेला माणूस. फ्लॅटमध्ये आल्यापासून एवढंच काम उरलेलं. त्यांना तक्ता वाचून दाखवला. त्या लोकांनी महिन्यांना धुक्याचा, हिवाचा अशी नावं दिली. दिवसांना संतांची नावं असायची, ती काढून भाज्यांची, जनावरांची, अवजारांची. वर्ष द्राक्षतोडणीच्या महिन्यात सुरू आणि पहिला दिवसच द्राक्ष. पुढे गाजर, लगेच राजगिरा.

"आपलीच माणसं की," आबा म्हणाले. "पण मग एकादशी कधी धरायची?"

तेव्हाच वार त्यांच्या हातून निसटायला लागले होते. म्हणून मी खेळ काढला: सकाळी जी भाजी घरात येईल, तोच वार. आबा खूश. नणंद येऊन माझ्या स्वयंपाकाला नावं ठेवून गेली, त्या दिवशी घरात दोडका असूनही त्यांनी वार ठरवला 'कारलं'. सासरे असावेत तर असे!

मग हळूहळू रोजच मेथी व्हायला लागली. भेंडी आणली तरी मेथी, वांगी आणली तरी मेथी. "आबा, मेथी काल झाली ना?" "झाली का?" म्हणायचे आणि कोरडेच हात मांडीवर पुसत बसायचे.

"डॉक्टरांना दाखवू या," मी नवऱ्याला म्हटलं. तो सातपूरच्या कारखान्यातली पाळी करून आलेला, वैतागलेला.

"साठी बुद्धी नाठी म्हणतात. आबा तर पंच्याहत्तरीला टेकलेत. त्यात तुझं हे फ्रेंच खूळ."

माझं डोकंच फिरलं. "आज त्यांच्या आठवणीतून भाज्या जातायत," मी म्हटलं, "उद्या आपण जाऊ." तो टॉवेल घेऊन आंघोळीला गेला.

परवा मी शेपूची जुडी आबांच्या नाकाशी धरली. नुसत्या वासावर कोथिंबीर कुठल्या मळ्यातली ते सांगणारा हा माणूस. "आज कुठला वार, आबा?"

बराच वेळ त्यांनी वास घेतला. "पाला," म्हणाले.

नवरा दारात उभा होता. तो पुढे येऊन त्यांच्यासमोर टेकला. नको विचारूस, असं ओरडावंसं वाटलं मला, पण त्यानं विचारलंच. "आबा, मी कोण?"

आबांनी त्याच्याकडे मायेनं पाहिलं, सरकून जागा करून दिली.

"बसा ना. कुठल्या गावाहून आलात?"