कराडपासून दोन्हीकडे सारखं

आम्ही कराडला राहतो, कारण कराड मध्ये आहे. दुसरं काही कारण नाही. माझं घर साताऱ्याला, बायकोचं सांगलीला. माझं मराठ्याचं, तिचं मुसलमानाचं. आमच्या फाटकापासून सातारा त्रेपन्न किलोमीटर आणि सांगली एकाहत्तर. म्हणजे अठरा किलोमीटरचा फरक माझ्या बाजूने पडतो. हे मी लग्नाच्या पहिल्याच वर्षी बायकोला सांगून टाकलं होतं. ती म्हणाली, "मग काय आता सांगलीच्या वाटेवर पेठनाक्यावर संसार मांडायचा?"

आम्ही दोघं कोयनानगरला नोकरीला होतो. मी धरणाच्या पाणीपातळीच्या नोंदी ठेवायचो, ती तिथल्या दवाखान्यात नर्स होती. लग्न नोंदणी पद्धतीने केलं. तीस दिवस नोटीस फळ्यावर लागली होती, आणि त्या तीस दिवसांत दोन्ही घरांना जे कळायचं ते कळलं. आमचं ठरलं होतं ते सोपं होतं. कुणी धर्म बदलायचा नाही. मुलांना दोन्ही शिकवायचं, दोन्हीकडे सारखं ठेवायचं, मोठी झाल्यावर त्यांचं ती बघतील. तेव्हा हे एका वाक्यात मावत होतं.

थोरली मुलगी वर्षाची होईतो दोन्हीकडून बोलणी सुरू झाली. आई म्हणायची, "आमच्याकडं चार दिस आन् तिकडं म्हईना." सांगलीहून नेमकं हेच उलटं ऐकू यायचं. मी नोंदी ठेवणारा माणूस. मी एक लांब वही केली. डाव्या बाजूला सातारा, उजव्या बाजूला सांगली, आणि पोरी कुठे किती दिवस राहिल्या ते लिहायला लागलो. गणपती-गौरी साताऱ्याला, दोन्ही ईद सांगलीला, दिवाळी अर्धी अर्धी, मे महिन्याची सुट्टी मधोमध रेघ मारून. पुढे कुणी काही म्हणालं की मी वही काढून दाखवायचो. भांडण तिथे थांबायचं. समाधान कुणाचंच व्हायचं नाही, पण थांबायचं.

यात एक अडचण होती, ती चंद्राची. ईद दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे येते. आमचे सण मात्र अधिक महिना घालून जागेवर ठेवलेले. त्यामुळे एका वर्षी नीट बसवलेलं वेळापत्रक पुढच्या वर्षी मोडतं. मागच्या वर्षी पाडवा रविवारी आणि ईद सोमवारी आली. साताऱ्याला गुढी उभारून, श्रीखंड खाऊन, तिथूनच एकशे चोवीस किलोमीटर सांगलीला गेलो. धाकटी मागच्या सीटवर झोपेतून उठून विचारायची, "बाबा, आज कुठला देव?"

बायको म्हणायची, "टोल लागला तर आजीचा. नाही लागला तर नानीचा."

टोलनाका साताऱ्याच्या वाटेवरच आहे. हसायचो आम्ही. पण गाडीच्या डॅशबोर्डवर टिकल्या चिकटवलेल्या आहेत, त्या अजून आहेत. सांगलीला जाताना पेठनाक्यापाशी थोरली टिकली काढून तिथे लावते आणि परतताना त्यातलीच एखादी पुन्हा कपाळावर. कुणी तिला सांगितलं नव्हतं. कधी सुरू केलं तेही मला आठवत नाही, आणि मला सहसा आठवतं. तिला गणपतीची आरती येते, कलमाही येतो. दोन्ही घरांत ती डोक्यावरून ओढणी घेते. कुठे काय बोलायचं नाही हे तिला माझ्यापेक्षा चांगलं कळतं. लोक म्हणतात, किती छान, दोन संस्कृती. असेल. मला ते एवढ्या वर्षांत प्रवासासारखंच वाटत आलं आहे. उतरल्यावर पाठ दुखते.

माझी आई वाईट बोलत नाही. सांगलीचं काही शिजवलेलं मात्र ती खात नाही. बंद पुड्यातली बिस्किटं चालतात, केळी चालतात. डबा आणला की म्हणते, "ठेव तिथं. माजा आज उपास हाय." एकोणीस वर्षांत एवढे उपास साताऱ्यातल्या तिच्या अख्ख्या पेठेत कुणी केले नसतील.

यंदा थोरलीची दहावी झाली. मे महिन्यात एका सकाळी चहाच्या वेळी तिने सांगितलं, अकरावी-बारावी तिला सांगलीला करायची आहे. विश्रामबागेत कॉलेज, राहायला नानीकडे. नाना जाऊन पाच वर्षं झाली, मामा बाहेरगावी, नानी एकटी असते.

मी नाही म्हणालो. कारणही सांगितलं. दोन वर्षांतल्या सुट्ट्या वजा केल्या तरी साडेपाचशे दिवस होतात. इतके दिवस साताऱ्याला भरून काढायचे कुठून? त्यापेक्षा कराडलाच शीक, म्हणजे प्रश्न मिटला.

ती उठून आत गेली आणि वही घेऊन आली. पाच वर्षांपूर्वीचं पान तिला शोधावं लागलं नाही.

"हे बघा. सांगली, सहा. नाना गेले तेव्हा मी सहा दिवस होते. मग गौरी बसणार होत्या म्हणून तुम्ही मला घ्यायला आलात. नानी दारात उभी होती, तुम्ही गाडी बंदसुद्धा केली नाहीत. चाळिसाव्याला मम्मी एकटी गेली, कारण माझे सांगलीचे दिवस संपले होते. आणि खाली काय लिहिलंय? 'समान.'"

अक्षर माझंच होतं. खाली दोन रेघाही मारल्या होत्या, हिशेब जुळला की मी मारतो तशा.

मी म्हणालो, "तू तेव्हा दहा वर्षांची होतीस."

"अकरा," ती म्हणाली. "अकरा वर्षं दोन महिने."

बायको ओट्यापाशी पाठ करून उभी होती. चहा उतू गेला तरी तिने गॅस बंद केला नाही. तिचे वडील गेले होते त्या वर्षी, आणि तेव्हाही ती काही म्हणाली नव्हती. मला वाटलं होतं की तिला पटलं आहे.

पुढच्या रविवारी मी एकटाच साताऱ्याला गेलो. आई पडवीत बसून तांदूळ निवडत होती. मी सांगितलं.

"जाऊ दे की," ती सुपातून मान वर न करता म्हणाली. "पर मग इकडं आणू नगंस."

"असं काय गं आई?"

"मग कसं? दोन वर्सं तिथं ऱ्हाईली की तिथलीच झाली. सणाला पावणी म्हून ईल आन् माज्या पाया पडंल. मला पावणी नगं. आन् धोंड्याचा म्हईना लागतुय, त्यात कुणी नवं काय काडतं व्हय रं?"

आईचं 'आणू नगंस' हे रागातलं नव्हतं, म्हणूनच मला भीती वाटली. ती रागात बोललेलं विसरते. थोरलीने ते ऐकलं असतं तर ती सांगलीला गेलीच नसती, आणि मग आयुष्यभर मला ते पान दाखवत राहिली असती. मी घरी येऊन एवढंच म्हणालो, आजी विचार करतेय.

अधिक महिना लागला आणि बकरी ईद त्यातच पडली. पोरी आणि बायको आधीच गेल्या होत्या. ईदच्या दुसऱ्या दिवशी मी त्यांना आणायला सांगलीला गेलो. एरवी मी बाहेरच्या खोलीत बसतो, पाणी पितो, निघतो. सासूबाई दाराआडून "बरंय ना?" विचारतात, मी "बरंय" म्हणतो. त्या दिवशी त्यांनी आत बोलावलं. जमिनीवर पाट मांडला होता. शेजारच्या काकू, ज्यांच्याशी त्यांचा चाळीस वर्षांचा शेजार आहे, त्याही पदर खोचून तयार होत्या.

काकूच म्हणाल्या, "बसा जावईबापू. धोंड्याचं वाण आहे. यांना म्हटलं, तुमच्यात नसेल, पण जावई तर आमच्यातला आहे ना? त्याचं राहिलंय."

अधिक महिन्यात जावयाला बोलावून तेहेतीस अनारसे द्यायचे ही आमच्याकडची रीत. लग्नानंतरचा हा सातवा अधिक महिना. आधीच्या सहांत मला कुणी बोलावलं नव्हतं, आणि मी ते धरलंही नव्हतं. सासूबाईंनी तांदूळ तीन दिवस भिजवून, सुकवून, कुटून, गूळ घालून पीठ मुरवलं होतं. थोरलीने खसखशीवर थापले होते. तळताना मोजायला सासूबाईंनी जपमाळच घेतली होती, तिचे मणी तेहेतीसच.

डबा माझ्यासमोर ठेवला. वर दिवा. मी पाहिलं, आणि तोंडातून निघून गेलं, "एकतीस आहेत."

बायकोने डोळे मिटले.

"दोन हसले," काकू म्हणाल्या. म्हणजे तुपात सोडल्यावर पसरून विरघळून गेले.

"हसतील नाहीतर काय," सासूबाई पहिल्यांदाच माझ्याकडे सरळ बघून म्हणाल्या, "मोजणारा जावई यायचाय म्हटल्यावर. पोरगी बोलली मला, बाबा सगळं मोजतात. मी म्हटलं, मोजूनच देऊ बाबा, नंतर कटकट नको."

धाकटी खो खो हसली. मग सासूबाईंनी डब्याला झाकण लावलं आणि हळू आवाजात म्हणाल्या, "हिला ठेवायचं तर ठेवा. न्यायचं तर न्या. मी मागत नाही. पण दिवस मोजून नका पाठवू. मोजून पाहुण्याला वाढतात. ही माझ्या घरची पाहुणी नाही."

आईनेही पाहुणी हाच शब्द वापरला होता. मी त्यांना ते सांगितलं नाही. सांगून काय करणार होतो?

परतताना कराडला न थांबता सगळ्यांना घेऊन तसाच साताऱ्याला गेलो. थोरलीने टिकली लावायला हात पुढे केला आणि मागे घेतला.

आईने डबा बघून नेहमीचं म्हटलं, "ठेव तिथं. माजा आज..." मग झाकण उघडून आत बघितलं. "कुणी केल्यात?"

"नानीने. धोंड्याचे," थोरली म्हणाली. "मी थापले."

आईने बोटाने मोजले. मी कुणाचा मुलगा आहे ते अशा वेळी कळतं.

"एकतीस?"

"दोन हसले."

"हसायचंच. गूळ जास्ती झाला आसंल. पयल्यांदा करताना हुतं तसं." तिने डबा जवळ ओढून घेतला. "अपुरं वाण कुणी घेऊन येतं व्हय? तुला तरी काय कळतंय का न्हाई?"

माझ्या बहिणीच्या नवऱ्यासाठी तिने पीठ करून ठेवलेलंच होतं. तिने कढई चढवली, दोन अनारसे थापले, खसखस वर ठेवून तळले, झाऱ्याने तूप उडवत. तिचे थोडे काळपट होतात, नेहमीच. निथळल्यावर दोन्ही त्याच डब्यात ठेवले, त्या एकतीसांना लागून.

"हां. आता झालं. आता खा."

स्वतः तिने खाल्ला नाही. माझ्या मनात आलं होतं की खाईल. नाही खाल्ला.

थोरली चुलीशेजारी बसली होती. तिने विचारलं, "आजी, मी जाऊ सांगलीला?"

"मी न्हाई म्हणलं तर ऱ्हाणार हायेस व्हय?"

"राहीन."

ती खरं बोलत होती. आईलाही ते कळलं. तिने कढईतलं तूप गाळून घेतलं.

"धोंडा सरू दे," शेवटी म्हणाली. "मग जा. मदी कवातरी ईत जा, सण नसला तरी. आन् बापाला सांग, ती वही मला दावायला आणू नगं. लय झालं."

असं ते मिटलं. मिटलं म्हणायचं. आई अजून सांगलीचं खात नाही. त्या डब्यातले एकतीस आम्ही आठवडाभरात संपवले. आईचे दोन मात्र डब्यात तसेच राहिले, कुणी घ्यायचे ते ठरेना. शेवटी धाकटीने खेळून आल्यावर उभ्या उभ्या दोन्ही खाऊन टाकले, विचारलंसुद्धा नाही.

अधिक महिना संपल्यावर मी थोरलीला सोडून आलो. एक पत्र्याची पेटी, गादी, पुस्तकं. सासूबाईंनी गाडी बंद करायला लावली, चहा होईस्तोवर बसवलं. निघताना थोरली म्हणाली, "बाबा, आता लिहू नका हं."

वही मी माळ्यावर टाकली आहे. परवा आईचा फोन आला तेव्हा सगळं बोलून झाल्यावर तिने विचारलंच, "किती दिस झालं रं पोरीला तिकडं?"

"मोजले नाहीत," मी म्हणालो.

"बरं," आई म्हणाली.

चोवीस झाले होते. ती एकदाही साताऱ्याला न येता. मला वाटतं आईलाही ठाऊक होतं.