दुसऱ्यांदा न ओतलेला मका

सेनोबियो चोके उभं आयुष्य लामांच्या, म्हणजे आमच्याकडच्या लोकरीच्या जनावरांच्या, पाठीवर मीठ लादून खाली खोऱ्यात जात आलेला. बारा दिवस चालायचं, मीठ द्यायचं, मका घ्यायचा आणि परत फिरायचं. मग आमच्या डोंगरात रस्ता झाला, ट्रक आला, आणि पुड्यांतलं मीठ दुकानात मिळू लागलं. एकोणीस वर्षं सेनोबियो घरी बसून होता. ट्रकला तो शिव्या देत नसे. ट्रकचा विषय निघाला की उठून लामांकडे जाई, एवढंच.

मग शहरातून सिनेमावाले आले. जुन्या चालीरीती टिपायच्या होत्या म्हणे. आजोबा, एकदा चालून दाखवा, म्हणाले. सेनोबियोने थोडे आढेवेढे घेतले, तेही लोकांना दाखवायला. दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आत लामांच्या कानांत लाल लोकरीचे गोंडे ओवून स्वारी तयार.

धास्ती एकच होती. खोऱ्यात तो जिच्याकडून मका घेई त्या एउलोखियाच्या मुलीचा तो बाप्तिस्म्यातला धर्मपिता, त्या नात्याने दोघं एकमेकांना कोंपाद्रे-कोमाद्रे म्हणत, पण इतक्या वर्षांत तो तिकडे फिरकला नव्हता. ट्रकने जाता आलं असतं. रिकाम्या हाताने त्या दारात उभं राहायची त्याला लाज वाटे. आता ती दार तरी उघडेल का?

एउलोखिया अंगणात शेंगा सोलत बसली होती. तिने आधी लामा पाहिले, मग त्याला.

"आलात का, कोंपाद्रे? मला वाटलं, मेलात."

"मेलो असतो तर निरोप धाडला असता, कोमाद्रे."

तिने जुनं मापाचं मडकं काढलं, शिगोशीग मका त्याच्या पोत्यात ओतला आणि वर एक मूठ टाकली. सेनोबियोला रडू फुटलं.

तेवढ्यात सिनेमावाली मुलगी पुढे आली. उजेड नीट पडला नव्हता, मका मडक्यात परत घालून पुन्हा ओता, म्हणाली. सेनोबियोचा चेहरा उतरला. आमच्याकडे दिलेला मका परत ओतला की दोन घरांचा संबंध संपतो. पोरीला काय ठाऊक! पण जिच्यामुळे इथवर आलो, तिला नाही कसं म्हणायचं?

एउलोखियाने पोत्याचं तोंड करकचून बांधलं.

"ओतीन की पुन्हा," ती म्हणाली. "आधी यांना पुन्हा मीठ घेऊन येऊ देत. पुढच्या वर्षी."

पुढच्या जूनमध्ये आमच्या शाळेच्या भिंतीवर सिनेमा दाखवला. त्यात सेनोबियो नुसताच चालत होता. मका ओतल्याचं कुठाय, हे विचारायला लोक त्याला शोधू लागले. पण मीठ लादून खोऱ्याकडे निघून त्याला चार दिवस झाले होते.